अन्नपान-निरोध : शेठ अंबालाल साराभाई आणि गृहस्थाची अहिंसा

जैन आचारशास्त्रात साधूसाठी अपरिग्रह हे महाव्रत आहे; श्रावकाला, म्हणजे गृहस्थ जैनाला, मात्र ‘परिग्रह-परिमाण’ हे सौम्य अणुव्रत सांगितले आहे, ज्यानुसार त्याने आपल्या संपत्तीला स्वतःच मर्यादा घालून घ्यावी. तिच्यापलीकडचे धन सत्कारणी लावण्याच्या या वृत्तीने गुजरातेत देरासरे (जैन मंदिरे), धर्मशाळा आणि पांजरपोळ उभे राहिले. पण श्रावकाच्या अहिंसाव्रताचे जे अतिचार, म्हणजे व्रताला लागणारे दोष, तत्त्वार्थसूत्राने सांगितले आहेत, त्यांत अतिभार लादणे आणि ‘अन्नपान-निरोध’, म्हणजे अन्नपाणी अडवणे, हेही आहेत. या दोषांचा विचार बहुधा जनावरांच्या संदर्भात होई. गिरणीतील मजुराला ते लागू होतात काय, हा प्रश्न स्वातंत्र्यचळवळीने अहमदाबादेत आणून ठेवला.

१९१५ साली अहमदाबादजवळील कोचरब येथील गांधींच्या नव्या आश्रमात दुदाभाई, दानीबहेन आणि त्यांची मुलगी लक्ष्मी हे अस्पृश्य मानलेले कुटुंब राहायला आले, तेव्हा देणगीदारांनी हात आखडता घेतला. एके दिवशी एक शेठ मोटारीतून आले आणि आत न शिरताच १३,००० रुपयांच्या नोटा गांधींच्या हाती ठेवून निघून गेले. आत्मकथेत त्यांचे नाव नाही. ते जैन गिरणीमालक अंबालाल साराभाई होते, असे सामान्यतः मानले जाते. ही देणगी मिळाली नसती तर आश्रम मोडला असता, असे म्हणणे अतिशयोक्त ठरेल, कारण गांधी अस्पृश्यांच्या वस्तीत जाऊन राहण्यास तयार होते. तिचे खरे मोल हे की, ज्या गोष्टीमुळे शहरातील प्रतिष्ठितांनी पाठ फिरवली होती, तिलाच या गुप्तदानाने पाठबळ दिले.

तीन वर्षांनी हेच अंबालाल गांधींसमोर प्रतिपक्षाचे पुढारी म्हणून उभे राहिले. प्लेगच्या काळातील बोनस बंद झाल्यावर मजुरांनी पगारवाढ मागितली. गांधींनी ३५ टक्के योग्य ठरवले, मालक २० टक्क्यांच्या पुढे जाईनात आणि फेब्रुवारी १९१८ मध्ये त्यांनी टाळेबंदी केली. मजुरांच्या बाजूला अंबालालांची सख्खी बहीण अनसूया होती. टाळेबंदी हा अन्नपान-निरोधच नव्हे काय, असे विचारणारा श्रावक शास्त्राला धरूनच बोलला असता. पण मजुरांसाठी गांधींनी पुढे केलेल्या उपोषणातही दोष होता, आणि तो त्यांनी स्वतःच मान्य केला: स्नेही असलेल्या मालकांवर त्याचे दडपण आले. दान स्वेच्छेचे असते. स्नेह्याचे प्राण पणाला लागल्यावर दिलेल्या वाढीत ती स्वेच्छा किती उरते? लवाद म्हणून नेमलेल्या आनंदशंकर ध्रुवांनी पुढे ३५ टक्केच दिले.

१९२६ मध्ये मात्र शास्त्राचे बोट थेट अंबालालांकडे वळले. गिरणीच्या आवारातील ६० भटकी कुत्री त्यांनी मारविली, तेव्हा जीवदयावादी संतापले आणि गांधींनी शेठांची बाजू घेतली. श्रावकाला सर्वाधिक वर्ज्य असलेली हिंसा संकल्पी, म्हणजे ठरवून केलेली. तिचे समर्थन अधिक हिंसा टळते या हिशेबाने करणे जैन दृष्टीला पटण्यासारखे नव्हते, कारण कर्मबंध कर्त्याच्या भावातून होतो, परिणामांच्या बेरजेतून नव्हे. गांधींचा रोख मात्र कुत्री मारणाऱ्यापेक्षा पोसणाऱ्यांवर अधिक होता: महाजन, म्हणजे शहरातील व्यापाऱ्यांचा संघ, कुत्र्यांची देखभाल करीत नाही, राज्यसंस्थाही करीत नाही, आणि रस्त्यावर भाकरीचा तुकडा टाकणारा पुण्य तेवढे आपल्या खाती मांडून घेतो.