वर्गणीदार आणि दाराबाहेरचे

टॉलपडल हे दक्षिण इंग्लंडमधल्या डॉर्सेट परगण्यातलं लहानसं खेडं. १८३०च्या आसपास तिथल्या शेतमजुराला आठवड्याला नऊ शिलिंग मजुरी मिळायची. जमीनमालकांनी ती आठावर आणली, मग सातावर, आणि पुढे सहाची भाषा सुरू केली. गावात जॉर्ज लवलेस नावाचा एक मजूर होता. आठवडाभर शेतात राबायचा आणि मेथडिस्टांच्या प्रार्थनाघरात प्रवचन करायचा. त्याने आणि त्याच्या सोबत्यांनी मजुरांचं एक मंडळ काढलं. प्रवेशाला एक शिलिंग, त्यानंतर दर आठवड्याला एक पेनी. असं मंडळ काढणं हा तेव्हा गुन्हा नव्हता, संघटनाबंदीचे कायदे १८२४ सालीच रद्द झाले होते. मग सरकारने नौदलातल्या बंडाच्या वेळी केलेला १७९७ सालचा बेकायदा शपथांविरुद्धचा कायदा हुडकून काढला. मंडळात येताना शपथ घेतली, एवढ्या अपराधासाठी मार्च १८३४ मध्ये सहा जणांना सात वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि त्यांना ऑस्ट्रेलियाला पाठवण्यात आलं. देशभर गदारोळ उठला, लंडनमध्ये प्रचंड मोर्चा निघाला, आणि १८३६ मध्ये सरकारला माफी द्यावी लागली. परतलेल्या सहापैकी पाच जण पुढे कॅनडात जाऊन स्थायिक झाले. इंग्लंडच्या मातीवर त्यांचा जीव उरला नसावा.

ब्रिटिश कामगार चळवळीबद्दल आपल्याकडे बोललं जातं ते बहुधा दोन सुरांत. एक सूर मार्क्स-एंगल्सच्या मँचेस्टरपासून सुरू होतो आणि तिथे क्रांती का झाली नाही, या हळहळीवर संपतो. दुसरा कृतज्ञतेचा: मजूर पक्षाचं सरकार आलं म्हणून आपल्याला स्वातंत्र्य मिळालं. दोन्ही सुरांत ती आठवड्याची पेनी हरवते. मला मात्र सगळ्या गोष्टीची किल्ली त्या पेनीत दिसते. वर्गणीने या चळवळीला बळ दिलं, शिस्त दिली, हिशेबाची सवय लावली. आणि वर्गणी कोणाला परवडते, कोणाकडून घ्यायची, कोणाला आत घ्यायचं, या प्रश्नांनी तिच्याभोवती कुंपणही घातलं. चळवळीला जेव्हा जेव्हा नवा जीव आला, तेव्हा तो कुंपणाबाहेरच्यांनी आणला, आणि बहुतेक वेळा आतल्यांच्या मर्जीविरुद्ध.

कामगारांना मताधिकार मागणाऱ्या चार्टिस्टांना इथे मी दोन-तीन वाक्यांत उरकतो, हे त्यांच्यावर अन्याय करणारं आहे. १८३८च्या सनदेतल्या सहा मागण्या तेव्हा राजद्रोहासारख्या वाटत होत्या. वार्षिक निवडणुकीची एक सोडून बाकी पाचही पुढे कायदा झाल्या. पण चार्टिस्टांच्या सभा पांगल्यावर जे टिकलं ते कारागिरांच्या संघटनांमध्ये. १८५१ साली इंजिनिअरिंगमधल्या कुशल कारागिरांची एकत्रित संघटना उभी राहिली. तिची वर्गणी होती आठवड्याला एक शिलिंग, म्हणजे टॉलपडलच्या बारापट. बदल्यात आजारपणात भत्ता, काम सुटलं तर भत्ता, म्हातारपणी आधार, मेल्यावर अंत्यविधीचा खर्च. दुसऱ्याच वर्षी मालकांनी टाळेबंदी केली आणि ‘संघटना सोडतो’ अशा कागदावर सही केल्याशिवाय कामावर घेणार नाही म्हणून अडून बसले. पुष्कळांनी नाइलाजाने सही केली आणि मनातल्या मनात सभासदत्व चालू ठेवलं. संघटना बुडाली नाही, कारण तिजोरीत पैसे होते.

डाव्या मंडळींनी या कारागिरांना कामगारांमधले सरदार म्हणून हिणवलं. ते अर्धंच खरं आहे. १८६८ साली मँचेस्टरला ट्रेड युनियन काँग्रेस भरली, १८७१ साली संघटनांना कायद्याची मान्यता मिळाली, ती या चोख हिशेब ठेवणाऱ्या, टोपी काढून आयोगापुढे बोलणाऱ्या माणसांमुळे. पण उमेदवारी करून कसब मिळवलेल्यालाच तिथे प्रवेश होता. गोदीतला हमाल, गॅस कारखान्यातला कोळसा ओढणारा, कारखान्यातल्या बायका यांना आठवड्याला शिलिंग देणं शक्य नव्हतं, आणि त्यांनी ते द्यावं अशी कोणाची इच्छाही नव्हती.

हे कुंपण मोडलं बो नावाच्या पूर्व लंडनमधल्या वस्तीत. तिथे ब्रायंट अँड मे कंपनीचा काड्यापेट्यांचा कारखाना होता. चौदाशेच्या आसपास बायका आणि मुली, पुष्कळशा आयरिश. कोवळ्या मुलीला आठवड्याला चार शिलिंग, आणि त्यातूनही दंड: पाय मळके असले तर दंड, बोललं तर दंड, काड्या सांडल्या तर दंड, उशीर झाला तर अर्ध्या दिवसाची मजुरी गेली. काड्यांच्या गुलाला पांढरा फॉस्फरस वापरत. जेवणाची वेगळी जागा नाही, त्यामुळे त्याच हातांनी, त्याच हवेत भाकरी खायची. त्या विषाने आधी दात दुखायचा, मग जबडा सुजायचा, हाड सडायचं; कधी जबडा काढून टाकावा लागे, कधी त्याआधीच माणूस जाई. तांबडा फॉस्फरस ठाऊक होता, पण महाग पडत होता. भागधारकांना लाभांश मात्र वीस टक्क्यांवर मिळत होता.

जून १८८८ मध्ये अ‍ॅनी बेझंट यांनी आपल्या ‘लिंक’ या साप्ताहिकात या कारखान्यावर जळजळीत लेख लिहिला. कंपनीने बायकांपुढे कागद ठेवला: आम्ही सुखी आहोत, लेख खोटा आहे, सही करा. बायकांनी सही केली नाही. एकीला कामावरून काढलं आणि बघता बघता सगळा कारखाना रस्त्यावर आला. बेझंटबाईंनी संप पुकारला असं आपण वाचत आलो. प्रत्यक्षात त्यांचा भर काड्यांवर बहिष्कार टाकण्यावर होता, संपाचा निर्णय बायकांचा स्वतःचा. सुमारे दोनशे जणी चालत फ्लीट स्ट्रीटवर त्यांच्या कचेरीपुढे जाऊन उभ्या राहिल्या तेव्हा बाई चकित झाल्या. मग मात्र त्यांनी जीव ओतून काम केलं. निधी जमवला, संसदेत शिष्टमंडळ नेलं. पंधरवड्यात कंपनी नमली. दंड बंद, जेवणाला वेगळी खोली, आणि संघटनेला मान्यता. संपात पुढे असलेल्या सारा चॅपमन या पंचवीस वर्षांच्या कामगार बाईचं नाव मात्र कितीतरी दशकं कोणाला माहीत नव्हतं. इतिहासाने श्रेय सुशिक्षित बाईला दिलं. याच बाई पुढे भारतात येऊन टिळकांच्या जोडीने होमरूलचं राजकारण करतात, हे मराठी वाचकाला सांगायला नको.

याच वस्त्यांतल्या गोदी कामगारांनी पुढच्या वर्षी, ऑगस्ट १८८९ मध्ये, लंडनची बंदरं बंद पाडली. रोज सकाळी गोदीच्या फाटकापाशी शेकडो माणसं जमायची, मुकादम बोट दाखवेल त्याला काम, तेही कधी दोन तासांपुरतं. लोक एकमेकांच्या खांद्यांवर चढून चेहरा दाखवायचा प्रयत्न करत. मागणी तासाला सहा पेनीची. उपासमारीने संप मोडायच्या बेताला आला असताना ऑस्ट्रेलियातल्या कामगारांकडून तीस हजार पौंडांवर मदत आली आणि संप जिंकला. ज्या किनाऱ्यावर टॉलपडलच्या मजुरांना कैदी म्हणून उतरवलं होतं, तिथूनच हे पैसे आले. त्याच वर्षी विल थॉर्नने गॅस कामगारांची संघटना काढली. त्याला धड लिहिता-वाचता येत नव्हतं; मार्क्सच्या मुलीने, एलेनॉरने, त्याला ते शिकवलं. त्याच्या संघटनेची वर्गणी आठवड्याला दोन पेनी, आणि भत्ते वगैरे काही नाही. फक्त लढायचं. आठ तासांचा दिवस त्यांनी संप न करताच मिळवला.

या चळवळीचं सगळ्यात रुंद कुंपण मात्र समुद्र होता. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, कापूस यायचा थांबला, लँकेशायरच्या गिरण्या बंद पडल्या आणि लाखो कामगार दानाच्या सूपवर जगू लागले. त्याच वर्षांत मुंबईच्या कापूस बाजारात सोन्याचा पाऊस पडला. प्रेमचंद रायचंदांचं वैभव आणि बॅकबेच्या भरावाच्या कंपन्या या सगळ्याचं मूळ लँकेशायरच्या उपासमारीत होतं. अशा हलाखीत मँचेस्टरच्या कामगारांनी ३१ डिसेंबर १८६२ रोजी सभा घेऊन लिंकनला पत्र लिहिलं की गुलामगिरी संपेपर्यंत आम्ही तुमच्या बाजूने आहोत. लिंकनने आभाराचं उत्तर धाडलं. कामगार चळवळीच्या इतिहासातला हा मला सर्वांत उजळ क्षण वाटतो.

पण अमेरिकेतला गुलाम त्यांच्या मालाशी स्पर्धा करत नव्हता. मुंबईचा गिरणी कामगार करू लागला. १८७०च्या दशकात मुंबईत गिरण्यांच्या चिमण्या उभ्या राहिल्या, तेव्हा लँकेशायरच्या मालकांना भारतीय कामगारांच्या लांबलचक पाळ्यांचा एकाएकी कळवळा आला. त्यांच्या रेट्यातून १८८१चा पहिला फॅक्टरी कायदा आला. मुंबईचे मालक देशाभिमानाच्या नावाखाली त्याला विरोध करत होते, आणि आपली राष्ट्रवादी वृत्तपत्रंही बव्हंशी त्यांच्याच बाजूने होती. सात वर्षांखालच्या पोराला गिरणीत घेऊ नका, इतकं साधं तो कायदा सांगत होता! या ओढाताणीत गिरणी कामगाराची बाजू कामगार म्हणून घेणारे होते नारायण मेघाजी लोखंडे. ‘दीनबंधू’चे संपादक, जोतीराव फुल्यांचे सहकारी. १८८४ साली साडेपाच हजार सह्यांचं निवेदन त्यांनी दिलं: आठवड्याची सुट्टी, दुपारची अर्ध्या तासाची विश्रांती, वेळेवर पगार. लँकेशायरचा स्वार्थ आणि मुंबईचा देशाभिमान, दोघांनाही बाजूला सारून बोलणारा हा माणूस होता.

ब्रिटिश नेत्यांमध्ये केअर हार्डी यांना समुद्रापलीकडचं दिसलं. दहाव्या वर्षी खाणीत उतरलेला हा माणूस १८९२ मध्ये खासदार झाला, १९०० साली मजूर पक्षाची पायाभरणी करणाऱ्यांत होता, आणि १९०७ साली भारतात येऊन स्वराज्याची भाषा बोलला, तेव्हा लंडनच्या वर्तमानपत्रांनी त्याला फाडून खाल्लं. पण याच हार्डींनी तरुणपणी स्कॉटलंडच्या खाणींत आलेल्या लिथुआनियन मजुरांना परत पाठवा म्हणून आवाज उठवला होता. दोन्ही हार्डी खरे आहेत. टिळकांनी १९१८-१९ मध्ये विलायतेत मजूर पक्षाशी संबंध जोडले ते हिशेबी नजरेने, आणि ती नजर खरी ठरली. तरीही मार्च १९२९ मध्ये मीरतच्या कम्युनिस्ट कट खटल्यात डांगे, निंबकर, मिरजकर यांच्याबरोबर फिलिप स्प्रॅट आणि बेन ब्रॅडली हे दोन इंग्रज आरोपी म्हणून पकडले गेले (लेस्टर हचिन्सन हा तिसरा इंग्रज थोडा नंतर), त्यानंतर तीन महिन्यांत लंडनमध्ये मजूर पक्षाचं सरकार आलं आणि खटला तसाच चालू राहिला. मुंबईच्या संपांना बळ देणाऱ्या इंग्रज कामगार कार्यकर्त्यांना कामगारांच्याच सरकारने तुरुंगात ठेवलं, ही गोष्ट कृतज्ञतेच्या सुरात कुठे बसत नाही.

वर्गणीने काय साधतं याचा सर्वांत मोठा पुरावा वेल्समधल्या ट्रेडेगर गावाचा आहे. तिथले खाण कामगार आणि पोलाद कामगार मजुरीच्या दर पौंडामागे तीन पेनी एका वैद्यकीय मंडळाला देत. त्यातून डॉक्टर, औषधं, चष्मे, कवळ्या, दवाखाना. जवळजवळ सगळा गाव त्यात होता. त्या गावचा, तेराव्या वर्षी खाणीत गेलेला अन्यूरिन बेव्हन १९४५च्या सरकारात आरोग्यमंत्री झाला आणि ५ जुलै १९४८ रोजी सगळ्या देशासाठी मोफत आरोग्यसेवा सुरू झाली. वर्गणीचं मंडळ देशाएवढं झालं आणि दार मुळातच काढून टाकलं. कामगार चळवळीने जगाला दिलेली याहून मोठी गोष्ट मला ठाऊक नाही.

आणि तरीही १९६८ साली लंडनचे गोदी कामगार, ज्यांच्या आजोबांना एके काळी फाटकावर उभं राहावं लागत होतं, ते खासदार एनॉक पॉवेलच्या वर्णद्वेषी भाषणाच्या समर्थनार्थ संसदेवर चालून गेले. आठ वर्षांनी, ऑगस्ट १९७६ मध्ये, उत्तर-पश्चिम लंडनच्या ग्रनविक फोटो प्रयोगशाळेतून जयाबेन देसाई काम टाकून बाहेर पडल्या. साडी नेसलेली, पाच फुटांहून कमी उंचीची गुजराती बाई, पूर्व आफ्रिकेतून आलेली. सक्तीचा जादा वेळ, त्याची ऐन वेळी सूचना, आणि अपमान. कारखान्याचा धंदा टपालाने येणाऱ्या फिल्मवर चालत होता, म्हणून क्रिकलवूडच्या टपाल कामगारांनी कंपनीची पत्रं हाताळायचं नाकारलं. १९७७च्या उन्हाळ्यात पाठिंब्याला यॉर्कशरचे खाण कामगार आले, आणि लंडनचे गोदी कामगारही आपला फलक घेऊन आले. नऊ वर्षांत एवढा पल्ला. मात्र वरिष्ठ नेते हळूहळू मागे सरकले. नोव्हेंबरमध्ये जयाबेन आणि त्यांच्या साथीदारांनी ट्रेड युनियन काँग्रेसच्या मुख्यालयासमोर उपोषण केलं, तेव्हा त्यांच्याच संघटनेने त्यांचं सदस्यत्व तात्पुरतं रद्द केलं. जुलै १९७८ मध्ये लढा संपला, एकालाही कामावर परत घेतलं गेलं नाही.

त्यानंतरचं सर्वांना ठाऊक आहे: १९८४-८५चा खाण कामगारांचा वर्षभराचा संप, ऑरग्रीव्हला संपकऱ्यांवर घोडेस्वार पोलिसांनी केलेला हल्ला, मतदान न घेता संप पुकारल्याने नॉटिंगहॅमशरच्या खाणी चालूच राहिल्या ती फूट. तेव्हाच्या पंतप्रधान थॅचरबाईंनी चळवळ संपवली असं म्हणायची पद्धत आहे. मला वाटतं त्यांनी आधीच असलेल्या भेगांमध्ये पहार घातली. १९७९ साली ब्रिटनमध्ये संघटनांचे १ कोटी ३० लाखांवर सभासद होते, आज त्याच्या निम्मे आहेत, आणि त्यांत बायका पुरुषांपेक्षा जास्त आहेत.

नवी भांडणं पुन्हा दाराशीच चालली आहेत. फेब्रुवारी २०२१ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने उबरच्या चालकांना कामगार मानलं. सायकलीवरून जेवण पोहोचवणाऱ्या डिलिव्हरूच्या पोरांसाठी एका छोट्या संघटनेने मान्यतेचा दावा लावला होता. त्यांना आपल्या जागी दुसऱ्याला पाठवता येतं, म्हणून ते कंपनीचे कामगार नाहीत आणि संघटनेला कंपनीशी वाटाघाटीचा हक्क नाही, असा निकाल त्याच न्यायालयाने २१ नोव्हेंबर २०२३ रोजी एकमताने दिला.