दाखविणे आणि आठविणे

मुरबाड सोडून माळशेज घाटाच्या वाटेने निघाले की टोकावडे लागते. गेल्या श्रावणात तेथील एका घरी वर्षश्राद्धाच्या निमित्ताने कीर्तनाचे बोलावणे होते. आवणी उरकली होती, पाऊस धरून होता, माणसे मोकळी होती. त्यामुळे ओटी दाटून गेली होती. गेलेले गृहस्थ माळकरी, भातशेतीवर संसार केलेले, वारी न चुकविणारे. मी पागोटे बांधीत होतो, तेवढ्यात त्यांच्या थोरल्या मुलाने घरातला कॉम्प्युटर उचलून ओटीवरच्या टेबलावर आणून मांडला आणि म्हणाला, "बुवा, बाबांचे फोटो लावतो. दहा मिनिटं फक्त. मग तुम्ही उभे राहा." मी म्हटले, "लाव बाबा, आम्हीही बघतो."

ज्या वाचकांनी हा प्रकार पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडे सांगतो. याला स्लाइड शो म्हणतात. हवे ते फोटो यंत्राच्या एका कप्प्यात घालायचे आणि बटण दाबायचे. मग पहिला फोटो पडदाभर येतो, चार-पाच सेकंद थांबतो, विरतो, त्या जागी दुसरा उमटतो. शेवटचा झाला की पुन्हा पहिला. किती वेळ थांबावे, कोणत्या क्रमाने यावे, मागे कोणते गाणे वाजावे, हे सारे आधी ठरविता येते. एकदा ठरविले की कोणी हात लावावयास नको. घरच्या कॉम्प्युटरवर ही सोय गेली वीस-पंचवीस वर्षे आहे, आणि आता खेड्यापाड्यांतल्या बारशा-लग्नांत व श्राद्धांतही ती आली आहे.

चित्रे सुरू झाली. तरुणपणचा एक काळा-पांढरा फोटो, लग्नातला एक, बैलांसोबतचा एक, नातवाला खांद्यावर घेतलेला एक. माणसे "हां, हां" म्हणत होती; तोंडातले वाक्य पुरे व्हायच्या आत चित्र बदलत होते. दाराच्या खांबाला टेकून गेलेल्यांचा धाकटा भाऊ बसला होता. दोन घरांत बांधावरून दावा चालू आहे. श्राद्धाला तो आला हेच पुष्कळ. तो प्रत्येक चित्राकडे डोळे ताणून पाहत होता आणि मला हळूहळू उमगले की तो काय शोधतो आहे. एवढ्या चित्रांत तो कोठेच नव्हता. मग एक चित्र आले. वाटेवरचे, पताका घेतलेले, घाटातले. चित्राची एक बाजू कापलेली होती; पण कापणाऱ्याला एक गोष्ट काढता आली नव्हती. गेलेल्यांच्या खांद्यावर कोणाचा तरी हात राहून गेला होता. माणूस नाही, नुसता हात.

आणि नेमकी त्याच वेळी लाईट गेली. आमच्याकडे पावसाळ्यात ही नवलाई नाही. अंधारात सहा-सात वर्षांची नात मोठ्याने म्हणाली, "आजी, आजोबांच्या खांद्यावर कोणाचा हात होता?" कोणी बोलेना. पागोळ्यांचा आवाज तेवढा येत होता. मग खांबापासून आवाज आला, "माझा, बाळा."

नंतर दिवे येईपर्यंत पाऊण तास गेला. त्या पाऊण तासात तो माणूस बोलला. दोघे भाऊ कार्तिकीला माळशेज चढून आळंदीला पायी निघाले होते, धाकट्याच्या पायाला फोड आला, थोरल्याने त्याचे गाठोडे आपल्या डोक्यावर घेतले आणि वर म्हणाला, हात माझ्या खांद्यावर ठेव म्हणजे झाले. तो हा हात. एकाने सांगितले की दुसऱ्याला आठवते. शेजारच्या म्हातारीला उसने दिलेले भात आठवले, कोणाला पुराच्या दिवशी ओढ्यातून ओढून काढलेली गाय आठवली. फोटो चालू असताना यांतले एक अक्षर कोणी बोलले नव्हते. मी त्या दिवशी कीर्तनासाठी योजलेले निरूपण बाजूस ठेवले आणि याच विषयावर उभा राहिलो. तेव्हा जे सुचले ते आणि पुढे विचार करता जे ध्यानात आले ते येथे मांडतो.

प्रश्न असा, की गेलेल्या माणसाची चित्रे पाहणे म्हणजे त्याचे स्मरण करणे होय काय?

न्यायशास्त्राची प्रक्रिया आधी पाहू. अनुभव येतो आणि जातो, पण जाताना आत्म्यावर एक संस्कार ठेवून जातो. तो निजलेला असतो. पुढे त्याला कोणी जागे केले म्हणजे जे ज्ञान होते तिचे नाव स्मृती. जागे करणारास उद्बोधक म्हणतात. गौतमांच्या न्यायसूत्रांत अशा निमित्तांची वीसाहून अधिक नावांची यादी आहे. मन एकाग्र करणे, अभ्यास, सादृश्य, वियोग, सुखदुःख, भय अशी ती निमित्ते. चित्र हे त्यांतल्या सादृश्याच्या घरचे. म्हणजे चित्र संस्काराला हाक मारते. पण हाक मारणे निराळे आणि उठणे निराळे. पहाटे आईने हाक मारली आणि मूल दुसऱ्या कुशीवर वळले, तर आई उठवून गेली एवढेच खरे; मूल उठले असे कोणी म्हणणार नाही. चार सेकंदांत एक हाक, पुढच्या चार सेकंदांत दुसरी, अशा दोनशे हाका ओळीने मारल्या तर निजलेला उठण्याऐवजी त्या आवाजालाच सरावतो. त्या दिवशी ओटीवर हेच झाले. यंत्र दाखवीत होते, आठवीत कोणीच नव्हते.

आता येथे कोणी विरक्त पुरुष म्हणेल, "बुवा, मग ही चित्रे हवीतच कशाला? देह गेला, त्याची छाया कशाला जतन करायची? हा सारा मायेचा खेळ." हे म्हणणे अगदी टाकाऊ नाही. पण त्यावर आमच्याच जिल्ह्यातली एक गोष्ट सांगतो. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२ च्या सुमारास 'शांबरिक खरोलिका' नावाचे खेळ सुरू केले. काचेच्या पट्ट्यांवर हाताने रंगविलेली चित्रे, त्यांच्या पाठीमागे दिवा, समोर पडदा. आणि त्या पडद्यावर रामायण-महाभारतातले प्रसंग. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. त्याच्याही वीस-एक वर्षे आधीची ही गोष्ट. नाव किती नेमके ठेवले पाहा. शंबर हा पुराणांतला मायावी असुर, प्रद्युम्नाने मारलेला. त्याची विद्या ती शांबरी, म्हणजे इंद्रजाल. पटवर्धनांनी लपवाछपवी केली नाही. आपण दाखवितो ती माया आहे हे नावातच सांगून टाकले आणि मग तिच्याकडून रामकथेची चाकरी करून घेतली. तेव्हा माया आहे एवढ्याने वस्तू त्याज्य ठरत नाही. ती कोणाच्या चाकरीस लावली, हे पाहायचे.

शिवाय एक फरक लक्षात घ्यावा. त्या खेळात पट्टी बदलणारा माणूस होता आणि सोबत कथा सांगणारा वाणीचा माणूस होता. तिकडे कुडाळजवळच्या पिंगुळीला ठाकर समाजाने चित्रकथी जतन केली आहे. त्या कलेतील परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. तेथेही एकामागून एक चित्र पुढे येते; पण गाणाऱ्याचे सांगणे पुरे झाल्याखेरीज पुढचे चित्र वर येत नाही. सीता शोक करीत असेल तर चित्र थांबते. म्हणजे या जुन्या परंपरांत चित्र वाणीची वाट पाहते. आजच्या यंत्रात वाणीने चित्राची वाट पाहायची, आणि चित्र तर कोणासाठी थांबत नाही. दोष चित्राचा नव्हे, यंत्राचाही नव्हे. सांगणारा माणूस आपण उठवून लावला, तो दोष आपला.

वारकऱ्याला हे लवकर समजावे. आपला देव विटेवर उभा आहे, तो हलत नाही. चालायचे ते आपण. अठरा-वीस दिवस पाय झिजवून त्याच्यापुढे उभे राहिलो की दर्शन क्षणाचेच होते, पण ते क्षणाचे दर्शन वर्षभर पुरते, कारण त्याच्या मागे चालणे आहे. स्लाइड शोत उलटे होते. चित्रे चालतात आणि पाहणारा बसून राहतो. बसलेल्याला काय मिळणार? दोनशे दर्शने झाली आणि घरी नेण्यास एकही उरले नाही.

दुसरी गोष्ट नाम आणि रूप यांची. चित्र रूप दाखविते. नाव मात्र दाखविता येत नाही, ते घ्यावे लागते, आणि त्याला तोंड लागते. कॅमेरा फोटोला नाव देत नाही, आकडा देतो. आज घरोघरी असे हजारो आकडे साठले आहेत. आणखी वीस वर्षांनी 'ही लुगड्यातली बाई कोण' म्हणून नातवंडे विचारतील आणि सांगणारे कोणी नसेल. नाव गेले की रूप परके होते. एवढेच नव्हे, दुसऱ्याचे रूप त्या जागी येऊन बसते. प्रभातचा 'संत तुकाराम' १९३६ साली आला, त्यात विष्णुपंत पागनीस तुकोबा झाले. पुढे त्यांचेच छायाचित्र तुकोबांचे म्हणून कित्येक घरांत भिंतीवर लागले, त्याला हार पडले. भावात उणे नव्हते. पण पाहणाऱ्याला कोणी सांगितले नाही, की हे रूप पागनीसांचे. तुकोबांचे नाव गाथेने राखले म्हणून तेथे हानी झाली नाही. तुमच्या-आमच्या आजोबांना गाथा नाही. त्यांना नातवाचे कान आणि आजीचे तोंड, एवढाच आधार.

आता त्या हाताकडे येतो, कारण खरा धर्माधर्माचा प्रश्न तेथे आहे. मुलाने काकाला चित्रांतून काढले. त्याला खोटे म्हणावे काय? तो म्हणेल, मी खोटे काही दाखविले नाही. फक्त काही दाखविले नाही. व्यवहारात हे खपते. परंतु सत्य म्हणजे जसे आहे तसे कळावे अशी इच्छा. ऐकणाऱ्याच्या मनात भलते चित्र उभे राहावे म्हणून मौन धरले तर ते मौनही असत्याच्याच पंक्तीला बसते. ती सहा वर्षांची पोर त्या चित्रांवरून काय शिकली असती? आजोबांना भाऊ नव्हता. हे पोरीशी खोटे, आणि गेलेल्याशीही, कारण ते गाठोडे त्याने ज्याच्यासाठी वाहिले त्यालाच पुसून आपण त्याचे पुण्य पुसले.

आणि पुसून साधते काय? न्यायसूत्रांतल्या त्या यादीत एक निमित्त आहे 'विरोध'. दोघे वैरी असले की एकाला पाहून दुसरा आठवतोच. शास्त्रकारांना माणूस पुरता ठाऊक होता हो! काकाला चित्रांतून काढले, त्यामुळे ओटीवरच्या प्रत्येकाला काका आठवत राहिला. प्रेमाने आठवायचा तो वैराने आठवला, एवढेच कापण्याचे फळ.

यावर कोणी विचारील, मग आजारपणातले, नळ्या लावलेले फोटोही दाखवायचे काय? नाही. ज्यात गेलेल्याची लाज उघडी पडते ते झाकणे ही दया आहे. ज्यात आपले वैर उघडे पडते ते झाकणे ही दया नव्हे. निवड करणाराने प्रत्येक वेळी स्वतःस विचारावे, मी हे त्याच्यासाठी काढतो आहे की माझ्यासाठी? उत्तर आतूनच मिळते, त्याला शास्त्री लागत नाही.

तेव्हा फोटो टाकून द्या असे मी म्हणत नाही. २६ जुलै २००५ च्या पुरात कल्याण-बदलापूरकडे घराघरांत पाणी शिरले, तेव्हा कागदावरचे फोटो भिजले की त्यांचे काय होते ते लोकांनी पाहिले. यंत्रात ठेवले, आणि एक प्रत दुसऱ्या गावी ठेवली, तर ते टिकतात. हा उपकार मानावा. फक्त चार गोष्टी पाळाव्या. दोनशेऐवजी वीस लावावे. आपोआप न सरकवता बोटाने सरकवावे. सांगणाऱ्याचे संपेपर्यंत थांबावे. घरातल्या सर्वांत वडील माणसास यंत्राशेजारी बसवून प्रत्येक फोटोत कोण, कोठले, कोणत्या साली, हे नावानिशी लिहून घ्यावे. आणि कापायचेच झाले तर मूळ प्रत राखून कापावे, कारण राग उतरतो. कापलेले परत जोडता येत नाही.

त्या दिवशी मुलाने मूळ प्रत राखली होती, हे देवाचे देणे. दिवे आल्यावर यंत्र पुन्हा सुरू करून तो बटण दाबणार, तोच त्याची आई म्हणाली, "राहू दे रे सगळे. तो एकच लाव. अख्खा." त्याने लावला. दोन भाऊ, एक पताका, मागे घाट. तो एकच फोटो माझे कीर्तन संपेपर्यंत तसाच उभा होता, आणि कोणी म्हणाले नाही की बदला.

बांधाचा दावा मिटला असे मी सांगणार नाही. तो चालू आहे. पण आरतीच्या वेळी धाकटा भाऊ खांबापासून उठून पुढे आला आणि त्या पोरीने त्याचा हात धरला, एवढे मी पाहिले. इत्यलम्.