साक्ष कुणाची?

एखाद्या समाजाची ओळख त्याच्या वैऱ्याला विचारून लिहिली, तर तिला इतिहास म्हणायचं काय? माझा सवाल एवढाच.

इटलीत, रोम मोठं होण्याआधी, एट्रुस्कन लोकांची शहरं होती. पुढं रोमनं ती गिळली. त्यांचे ग्रंथ गेले. अक्षरं वाचता येतात, पण भाषा पुरती उलगडत नाही. मग त्यांच्याबद्दल बोललं कोण? ग्रीक नि रोमन. इ. स. पूर्व चौथ्या शतकातला ग्रीक इतिहासकार थिओपोम्पस लिहून गेला, ह्यांच्या बायका परपुरुषांसंगं जेवायला बसतात, पोरांचा बाप कोण ते कुणाला ठाऊक नसतं.

आता माती काय सांगते ते बघा. १८८१ साली चेर्वेतेरीच्या दफनभूमीत भाजल्या मातीची एक शवपेटी सापडली. चारशेवर तुकडे. इ. स. पूर्व ५२०च्या सुमाराची. तुकडे जुळवले तर नवराबायको एकाच बिछान्यावर टेकलेले, मेजवानीला असावेत तसे. त्याचा हात तिच्या खांद्यावर. ती त्याच्या पायाशी नाही, बरोबरीला आहे. ती पेटी रोमच्या व्हिला जुलिया म्युझियममधे आहे. थडग्यांवरच्या लेखांत बाईला स्वतःचं नाव आहे. कित्येक लेखांत मेलेल्याच्या बापासंगं आईचंही नाव कोरलंय. बाप ठाऊक नसता तर त्याचं नाव कोरलं कसं?

ग्रीकाच्या मेजवानीत घरच्या बायकोला जागा नव्हती. म्हणून बरोबरीनं बसलेली बाई त्याला छिनाल दिसली. त्यानं एट्रुस्कनांबद्दल कमी, स्वतःबद्दलच जास्त सांगितलं.

इथवर माती जिंकली. पण मी सूतगिरणीत पाळी करणारा माणूस. त्या पेटीचा फोटो बघून मला दुसरंच सुचतं. ही माती मळली कुणी? भट्टी पेटवली कुणी? त्याचं नाव पेटीवर नाही. मोठी थडगी पैसेवाल्यांची. गुलाम एट्रुस्कनांकडेही होते. म्हणजे वैऱ्याची पोथी खोटं बोलते, आणि धन्याचं थडगं अर्धंच बोलतं.

म्हणून पोथी फेकून माती उकरली की काम संपलं, असं समजू नका. साक्षीदार कुणीही असो, त्याला दोन सवाल टाका. तू कुणाचा? आणि तू कुणाला वगळलंस?

उद्या आपण लिहायला बसू, तेव्हा हेच दोन सवाल आपल्यालाही चुकणार नाहीत.