धरायचे की सोडायचे?

घरात कुणाला दिवस गेले की आजूबाजूच्या बायका पहिलं विचारतात, "कितवा?" उत्तर मिळताच बोटांवर पुढची मोजणी सुरू. नऊ महिने नऊ दिवस हा हिशेब इतका अंगवळणी पडलेला की गर्भाचं दुसरंही काही गणित असेल, हे चटकन मनात येत नाही.

युरोपातल्या आल्प्स पर्वतात अल्पाइन सॅलॅमँडर राहतो. बेडकाच्या गोतातला, पण दिसायला पालीसारखा. कातडी ओलसर, तुकतुकीत काळी. लांबी वीतभरही नाही. उंचावरच्या जंगलात दगडांखाली, पडलेल्या खोडांखाली दडून असतो. पाऊस पडून गेला की बाहेर येतो.

पुष्कळ सॅलॅमँडरांची पिल्लं पाण्यात वाढतात. ही मादी पाण्याकडे जातच नाही. पिल्लं पोटातच वाढतात, बहुधा दोनच. उरलेल्या अंड्यांचा बलक त्यांच्या पोटी जातो. मग ती गर्भाशयाच्या अस्तरावर पोसतात. पोटातही त्यांना लांब, पिसांसारखे कल्ले असतात, तळ्यात असती तर असते तसे. जन्माआधी ते विरून जातात. बाहेर येतं ते चार-पाच सेंटिमीटरचं, आईसारखंच काळं पिल्लू.

पण हिला त्यासाठी दोन ते तीन वर्षं लागतात. फार उंचावर चारही. हत्तीणसुद्धा साधारण 22 महिन्यांत मोकळी होते.

याला संयम म्हणायचा मोह होतो. पण संयम त्यानं धरावा, ज्याला घाई करता येते. हिच्या अंगात स्वतःची ऊब नाही. हवा तापेल तसं पोटातलं वाढतं, गारठा पडला की रेंगाळतं. उंचावर तर वर्षातले सहा-आठ महिने ती जमिनीखाली निपचित पडून असते, वर बर्फ.

मन घुटमळतं ते इथे. ते महिने धरायचे की सोडायचे? त्यांत फारसं काही घडलेलं नसतं. वजा केले, तर तीन वर्षांचं जेमतेम दीड वर्ष उरतं. पण नुसत्या दीड वर्षात त्या उंचीवर पिल्लू जन्मत नाही.

अभ्यासक सगळे हिवाळे मोजणीत धरतात. मीही धरले असते.