सूर ही अमानत

अंजली मोंटेरो आणि के. पी. जयशंकर यांच्या ‘सो हेड्डान सो होड्डान’ (२०११) या माहितीपटात कच्छमधले जत बांधव सिंधचे सूफी कवी शाह अब्दुल लतीफ भिटाई यांचे काव्य गातात. साथीला सुरंदो हे दुर्मिळ तंतुवाद्य असते. ते वाजवणारा पोटासाठी ट्रक चालवतो. असा सूर टिपला की वारसा वाचला, असे आपण समजतो. पण चित्रफीत सूर सांभाळते, गज धरायला हात शिकवत नाही. अमानत म्हणजे विश्वासाने सोपवलेली वस्तू. ती सांभाळणाऱ्याची होत नाही; मालकाला परत करावीच लागते. म्हणून टिपलेला सूर आधी त्या वस्तीतल्या मुलांपर्यंत पोहोचला पाहिजे. महोत्सवातल्या टाळ्यांनी हे देणे फिटत नाही.