क्रूस कोणाच्या बाजूचा?

एप्रिल २०१८मध्ये जर्मनीतील बव्हेरिया राज्याच्या मंत्रिमंडळाने प्रत्येक सरकारी इमारतीच्या प्रवेशद्वाराशी क्रूस लावण्याचा निर्णय घेतला आणि क्रूस ही बव्हेरियाच्या इतिहासाची व संस्कृतीची ओळख आहे, असे त्याचे समर्थन मुख्यमंत्री मार्कुस झोडर यांनी केले. क्रूसाकडे केवळ सांस्कृतिक चिन्ह म्हणून पाहणाऱ्याला तो समजलेलाच नाही, असा आक्षेप म्युनिकचे कार्डिनल राइनहार्ड मार्क्स यांनी घेतला. तरीही डिसेंबर २०२३मध्ये जर्मनीच्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. त्यापूर्वी, २०११मध्ये, युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने इटलीतील शाळांच्या वर्गात क्रूस ठेवू देताना भिंतीवरचे असे चिन्ह मूलतः निष्क्रिय असते, अशी भूमिका घेतली होती. क्रूस निरुपद्रवी असल्याचा हा दावा वरवर उदार दिसतो, परंतु आज क्रूसाचा सर्वाधिक प्रतिष्ठित दुरुपयोग याच दाव्याच्या आधाराने होत आहे.

क्रूस हे रोमन साम्राज्यात गुलामांना व बंडखोरांना जाहीरपणे मारण्याचे साधन होते. इ.स.पू. ७१मध्ये स्पार्टाकसचे बंड मोडल्यावर सुमारे ६००० कैद्यांना कापुआ ते रोम या हमरस्त्याच्या कडेने क्रूसांवर चढवण्यात आले, कारण जिवंत उरलेल्यांच्या मनात धाक बसवणे हाही त्या शिक्षेचा हेतू होता. आरंभीच्या ख्रिस्ती कलेत मासा व जहाजाचा नांगर दिसतात, वधाचे दृश्य मात्र पाचव्या शतकापर्यंत क्वचितच आढळते. सम्राट कॉन्स्टंटाइनच्या ३१२मधील विजयानंतर क्रूस हे सैन्याचे चिन्ह झाले आणि १०९५मध्ये पोप दुसरा अर्बन याच्या आवाहनावरून योद्ध्यांनी कापडी क्रूस अंगावर शिवून जेरुसलेमची वाट धरली.

या इतिहासावरून मूळ अर्थ पवित्र होता आणि सत्तेने तो बिघडवला, असा निष्कर्ष सहज काढला जातो. परंतु तो अपुरा आहे. क्रूसाचा पहिला अर्थ दहशत हाच होता, ख्रिस्ती श्रद्धेने तो उलटवला, आणि सत्ताधाऱ्याच्या हाती जाताच तो पुन्हा पहिल्या अर्थाकडे वळतो. अमेरिकेतील कु क्लक्स क्लॅन या वर्णद्वेषी संघटनेची जळता क्रूस ही खूण १८६०च्या दशकातील मूळ क्लॅनमध्ये नव्हती. ती टॉमस डिक्सन यांच्या १९०५मधील कादंबरीतून तिच्यावर आधारित चित्रपटात आली आणि १९१५मध्ये जॉर्जियातील स्टोन माउंटनवर प्रत्यक्षात उतरली. धमकावण्याच्या हेतूने क्रूस जाळण्यावर बंदी घालता येते, हे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २००३मध्ये मान्य केले. जे चिन्ह एखाद्याच्या अंगणात जळताना धमकी ठरते, ते सत्तेच्या भिंतीवर स्वभावतःच निष्क्रिय असते, हे म्हणणे टिकणारे नाही.

या प्रश्नाचा सर्वांत कठोर विचार कृष्णवर्णीय धर्मचिंतक जेम्स कोन यांनी ‘द क्रॉस अँड द लिंचिंग ट्री’ या २०११च्या ग्रंथात केला. लिंचिंग म्हणजे जमावाने कोणत्याही खटल्याविना केलेली हत्या. १८७७ ते १९५० या काळात अमेरिकेत ४०००हून अधिक कृष्णवर्णीय तिचे बळी ठरले. क्रूसाप्रमाणेच तेथेही सार्वजनिक तमाशा होता, बळीची विटंबना होती आणि संपूर्ण समाजाला दिलेली जरब होती. हे साम्य कृष्णवर्णीय चर्चमधील सामान्य भक्तांना उमगले; परंतु क्रूसावर आयुष्यभर लिहिणाऱ्या राइनहोल्ड नीबूर यांच्यासारख्या विख्यात गोऱ्या धर्मचिंतकाला ते दिसले नाही. कोन यांचा हा आरोप एका व्यक्तीपुरता नाही: आज क्रूसावर कोण आहे हे ज्याला दिसत नाही, त्याचे क्रूसाविषयीचे पांडित्य पोकळ आहे, हा त्याचा गाभा आहे.

तथापि डेलोरेस विल्यम्स या कृष्णवर्णीय विदुषींनी १९९३मध्येच असे दाखवून दिले होते की, गुलामगिरीत इतरांचे ओझे वाहायला लावलेल्या स्त्रियांना जेव्हा दुसऱ्यांसाठी मरण्याचा आदर्श शिकवला जातो, तेव्हा त्यांच्यावर लादलेले दुःखच पवित्र ठरते. म्हणून मुक्ती येशूच्या मरणात नव्हे, तर त्याच्या जीवनकार्यात शोधली पाहिजे. कोन यांनी क्रूस सोडला नाही, पण या आक्षेपामुळे त्यांची कसोटी दुरुस्त करावी लागते. क्रूस बळीच्या बाजूने उभा राहणे आवश्यक आहे, पण पुरेसे नाही. बळी घेणारी कृती पापच होती, हेही त्याने सांगितले पाहिजे, अन्यथा सहन करणाऱ्याला आणखी सहन करण्याचा उपदेश तेवढा उरतो.

ही कसोटी महाराष्ट्र व गोव्यालाही लागू पडते. गोव्यात १५६०पासून, मधली काही वर्षे वगळता, १८१२पर्यंत चाललेल्या इन्क्विझिशनने, म्हणजे धर्मभ्रष्टतेच्या चौकशीसाठी नेमलेल्या न्यायासनाने, दोषी ठरवलेल्यांच्या झग्यांवर क्रूसाची आकृती काढून त्यांची जाहीर मानहानी केली. उलट १८९६मध्ये मुंबईत प्लेगची साथ आली, तेव्हा ख्रिस्ती गावठाणांतील लोकांनी रक्षणाच्या प्रार्थनेसाठी रस्त्याकडेला क्रूस उभारले आणि त्या क्रूसांनी कोणालाही भय घातले नाही. आकृती तीच असली, तरी पहिल्या वेळी ती शिक्षा देणाऱ्याने दुसऱ्याच्या अंगावर चढवली होती, तर दुसऱ्या वेळी संकटात सापडलेल्यांनी स्वतः उभारली होती. म्हणून श्रद्धावंताचा क्रूस त्याच्यापासून कोणीही हिरावू नये. परंतु ज्या राज्यसंस्थेच्या हाती तुरुंग, पोलीस आणि शिक्षा आहेत, तिने तो आपली ओळख म्हणून मिरवू नये, कारण राज्यसंस्थेनेच केलेल्या एका वधाची तो साक्ष आहे आणि ती साक्ष सत्तेच्या विरोधातच द्यायची असते.