त्रिकोण, वर्तुळ, रेघ

‘हॅरी पॉटर’च्या २००७ सालच्या शेवटच्या भागात त्रिकोण, आत वर्तुळ आणि मधून उभी रेघ अशी खूण येते: अदृश्य करणारा झगा, मेलेल्यांना बोलावणारा खडा, अजिंक्य छडी. एका लग्नात लव्हगुड नावाचा जादूगार ती गळ्यात मिरवतो आणि क्रम नावाचा पाहुणा भडकतो. क्रमच्या आजोबांना मारणाऱ्या ग्रिंडेलवाल्ड या दुष्ट जादूगाराची ती खूण. लव्हगुडचा अर्थ जुना, निरागसही. तरी मी क्रमच्या बाजूची. दिवाळीत उंबऱ्यावर मी स्वस्तिक काढते. नाझींनी ज्याची माणसं मारली, त्याला तिथे काय दिसेल? ‘आमचं मूळ प्राचीन’ हे उत्तर खरं, पण त्याच्या काय कामाचं? तरीही मी ते काढतेच. अर्थ रेघांत नसेल, तर मला पुसायला इतकं जड का जावं?